वरच्या देशातला पालट्या सुळका

पालट्या सुळका माझ्या चुकीतून जन्माला आला, असे माझे मेहुणे गेली कित्येक वर्षे सांगत आले आहेत. लग्नाच्या पंगतीत सांगतात, बारशाला सांगतात, आणि यंदा तर गावच्या स्मरणिकेत दोन पानांचा लेख लिहून त्यांनी ते छापूनही आणले. त्या लेखाला 'गमतीदार आठवण' असे म्हटले आहे. मी तो तीनदा वाचला. गंमत सापडली नाही; चुका मात्र पानोपानी सापडल्या. नकाशा मी शाईने काढला होता, खडूने नव्हे. तो भिंतीवर नव्हता, माळ्याला खालून लावलेला होता. आणि लेखाचे शेवटचे वाक्य, 'आमच्या भाचीला अजूनही पूर्व कुठे ते कळत नाही', हे माझ्या मुलीविषयीचे विधान तर धादांत खोटे आहे. दिशेची चूक झाली होती, हे मी नाकारत नाही. ती मेहुण्यांनी चुकीच्या माणसाच्या नावावर टाकली, एवढेच माझे म्हणणे आहे. आणि त्यांनी ती तशी का टाकली, याचा दोष त्यांच्याकडे थोडा व माझ्याकडे जास्त जातो, हेही या लिखाणात येईल. संपादकांनी उत्तरासाठी तेवढीच जागा दिली आहे.

लिहायला बसल्यापासून मी चार वेळा उठलो. एकदा कुंपणापर्यंत जाऊन आलो, एकदा वाडीत जाऊन चिकूच्या झाडाखाली नुसता उभा राहून आलो. पत्नी म्हणाली, "एक तर बसा, नाहीतर फिरून या. मध्येच काय ते?" या प्रकरणात तिचीही एक बाजू आहे आणि ती माझ्या बाजूची नाही.

आम्ही कैनाडचे. थोडी भातशेती, थोडी चिकूची वाडी, आणि माझी नोकरी डहाणूच्या कचेरीत, जमिनीचे नकाशे काढण्याची. तीस वर्षे मी दुसऱ्यांच्या बांधांना कागदावर जागेवर बसवले. माझ्या हातून गेलेल्या नकाशावर नंतर कोणी वाद घातला नाही, असे मी म्हणणार नाही. वाद घातला आणि हरला, असे म्हणेन.

मुलगी नऊ वर्षांची असताना उतारावर सायकलवरून पडली आणि मांडीचे हाड मोडले. कमरेपासून घोट्यापर्यंत प्लास्टर घातले. पावणेदोन महिने तिला पाठीवर उताणे पडून राहायचे होते. कुशीवर वळायचे तर दोन माणसे लागत. ओटीलगतच्या खोलीत तिची खाट होती, तिच्यावर माळ्याच्या फळ्या. पहिल्या आठवड्यातच तिने पुस्तके फेकून दिली, कारण हात उंच धरून वाचता वाचता ती तोंडावर पडत.

"वर बघून बघून कंटाळा आला," ती म्हणाली. "वर काहीच नाही."

"काय हवं वर?"

तिने फार वेळ विचार केला नाही. "देश," ती म्हणाली.

हे संभाषण मेहुण्यांच्या लेखात त्यांच्या तोंडी आहे. ते त्या आठवड्यात विरारला होते.

मी चित्रकलेच्या जाड कागदाचे चार ताव आणले, ओटीवरच्या टेबलावर ते जोडले आणि कचेरीतून आल्यावर रोज दिवेलागणीपर्यंत देश काढू लागलो. ती आतून ओरडून सांगे आणि मी बाहेर काढे. एक नदी, जी दोनदा स्वतःला ओलांडते. मिठागरांचे एक शहर, जिथली घरे दर उन्हाळ्यात नवी रचावी लागतात. ताडांचे जंगल, त्यात राहणारे लोक जमिनीवर उतरत नाहीत. नाव तिनेच दिले: वरचा देश. पाच संध्याकाळींत नकाशा पुरा झाला. प्रमाण दिले, चिन्हांची सूची दिली, उत्तरेचा बाण दिला. मग स्टुलावर चढून मी तो माळ्याला टाचण्यांनी लावला. उत्तर उत्तरेकडेच केली, कारण उत्तर चुकवणे माझ्या रक्तात नाही.

तिसऱ्या दिवशी सूर्य मावळताना पत्नी मुलीला पेज भरवत होती. मी दारात उभा होतो.

"अहो," ती म्हणाली, "तुमच्या देशात सूर्य कुठून उगवतो?"

"पूर्वेकडून. सगळीकडे तिकडूनच उगवतो."

"मग तुमची पूर्व त्या खिडकीवर का? तिकडे तर मावळतोय."

वाचकांनी हे स्वतः करून पाहावे. कोणताही नकाशा टेबलावर सरळ ठेवा, मग तो तसाच उचलून डोक्यावर धरा, चित्राची बाजू खाली करून, उत्तर उत्तरेकडे ठेवून. पूर्व पश्चिमेला जाते. म्हणून आकाशाचे नकाशे काढणारे पूर्व-पश्चिम आधीच उलटी लिहितात. मला हे ठाऊक होते. परंतु तोवर माझा एकही नकाशा टेबलावरून उठून कोणाच्या डोक्यावर गेला नव्हता. शेत खाली असते, मोजणारा वर असतो. नकाशाखाली माणूस झोपेल, ही कल्पनाच आमच्या धंद्यात नाही.

मी पाच मिनिटे गप्प होतो, असे पत्नी सांगते. मी विचार करत होतो. नंतर मी दौत घेऊन स्टुलावर चढलो आणि नेमक्या त्या खिडकीवर आलेल्या टोकाशी, जिथे माझ्या अक्षरात 'पूर्व' लिहिले होते, एक सुळका उभा केला.

"हा पालट्या सुळका," मी सांगितले. "याच्या आसपास डावे ते उजवे होते आणि पूर्व ती पश्चिम. म्हणून तसे दिसते. देशात जाणाऱ्याने एवढे ध्यानात ठेवायचे."

"बरं झालं," पत्नी म्हणाली. "एका चुकीपायी माणूस डोंगर उभा करतो, हे मी पहिल्यांदा बघितलं."

हेच वाक्य मेहुण्यांनी उचलले. माझे म्हणणे आजही असे आहे की त्या जागी मी शिसपेन्सिलीने आधीच एक ठिपका ठेवला होता. तिथे काय येणार ते ठरले नव्हते, पण काहीतरी येणार होते. ठिपका होता.

सुळका कसाही जन्मलेला असो, तो वाढला मात्र आम्हा दोघांच्या हातून, आणि वाढता वाढता आमच्या ताब्यातून सुटला. चारोटीकडून येताना महालक्ष्मीचा सुळका दिसतो तसा तो दुरून एकच बोट दिसे; जवळ गेल्यावर मात्र त्याच्या कुठल्याच बाजूला पाठ नसे. त्याची सावली सूर्याचे ऐकत नसे. खळ्यावरच्या बैलासारखी ती दिवसभर त्याच्याभोवती फिरे, आणि जो त्या सावलीत सापडे त्याला काहीच होत नसे. आवाज नाही, वेदना नाही. फक्त तो घरी परते तेव्हा त्याचे घर रस्त्याच्या दुसऱ्या बाजूला असे. विहिरीचा रहाट उलट्या हाताला. एका कुंभाराचे चाक उलटे फिरू लागले आणि त्याच्या मडक्यांत पाणी बाहेरच्या अंगाला राहू लागले. आत हात घातला तर कोरडे. एका बाईच्या गालावरचा तीळ दुसऱ्या गालावर गेला, म्हणून तिच्या मुलांनी तिला दारातच विचारले, आमची आई कुठे आहे. नदी समुद्राकडून डोंगराकडे वाहू लागली आणि मिठागरांच्या शहरात लोक गोड्या पाण्याचे मीठ करू लागले, जे होईना.

या सगळ्यात भीतीदायक काय होते, ते मुलीनेच हेरले. पालटलेल्या माणसाला आपण पालटलो हे कळत नसे. त्याची खात्री असे की आपण आयुष्यभर असेच होतो. बाकी साऱ्या देशाची अदलाबदल झाली आहे.

"मग त्याला कोणी सांगायचं?" तिने विचारले.

"सांगून उपयोग नाही. तो भांडतो."

"ओळखीचा वाटतोय," स्वयंपाकघरातून आवाज आला.

मुलीला या शापावर उपाय हवा होता. मी म्हटले, उपाय नाही. ती म्हणाली, उपाय नसेल तर तिकडे कोणी जाणारच नाही, मग सुळका कशाला. यावर आमचे दोन दिवस वाजले. पाय प्लास्टरमध्ये असलेले मूल वादात माघार घेत नाही, कारण त्याला दुसरीकडे जाता येत नाही. मीही घेतली नाही. प्रश्न तसाच राहिला.

आणखी एक गोष्ट मी तेव्हा केली. ती मेहुण्यांना माहीत नाही, म्हणून लेखात नाही. मुलीने हळूहळू वरचा देश आमच्या गावावर बसवायला सुरुवात केली. स्वतःला दोनदा ओलांडणारी नदी म्हणजे आमचा ओहोळ. मिठागरांचे शहर म्हणजे डहाणू रोड. मी तिला उत्तेजन दिले. "आणि सुळका कुठे येतो?" तिने विचारले. मी म्हणालो, "पूर्वेला. बाहेर पडून चालत गेलीस की येतो." माझ्या मनात घरामागची टेकडी होती. खरी पूर्व तिकडे आहे, आणि टेकडीवर गवत आणि शेळ्यांखेरीज काही नाही. माझ्या मनात जी पूर्व होती ती टेबलावरची. तिच्या मनात जी होती ती माळ्यावरची, खिडकीवरची. हा फरक मला त्या वेळी दिसला नाही, असे मी अनेक वर्षे म्हणत आलो.

खिडकीच्या बाजूला, घरापासून हाकेच्या थोड्या पलीकडे, दगडाची बंद पडलेली खाण आहे. तिच्यात बारा महिने पाणी असते.

प्लास्टर काढून तीन आठवडे झाले होते. मुलगी काठी घेऊन अंगणात चालू लागली होती. मी कचेरीत, पत्नी शेजारी पापड लाटायला. दुपारी मुलगी काठी घेऊन निघाली आणि सरळ खाणीच्या काठावर गेली. पलीकडच्या पाड्यातली एक बाई तिथे गवत कापत होती. आमच्या भाताच्या कापणीला ती दर वर्षी येई, म्हणून तिने मुलीला ओळखले. तिने तिचा झगा मागून धरला आणि ती तशीच तिला घरी घेऊन आली.

मी पोहोचलो तेव्हा अंगणात दहा माणसे होती. मेहुणे होते; या वेळी ते खरेच होते.

"साहेब," ती बाई म्हणाली, "पोर अगदी काठावर उभी. पायाखालची खडी सरकत होती. मी म्हटलं, कुठं चालली? तर बोलते, सुळक्यावर. तिथं कुठला सुळका? तिथं तर खड्डा."

सगळे माझ्याकडे पाहू लागले. पत्नीही पाहत होती, आणि ती काय विचारणार ते मला कळले होते. ती विचारण्याआधी मी बोललो.

"हिला दिशाच कळत नाहीत," मी म्हणालो. "इतके दिवस उताणी पडून डोक्यातली पूर्व-पश्चिम गेली. टेकडीकडे जायचं सोडून खाणीकडे गेली."

"बाबा, मी पूर्वेलाच गेले," मुलगी म्हणाली. "वर होती तिकडेच."

"उलट बोलू नकोस."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी नकाशा उतरवला, गुंडाळला आणि माळ्यावर टाकला.

ते वाक्य मात्र कुठे टाकता आले नाही. दिशा न कळणारी मुलगी, हे तिचे घरातले नाव झाले. शाळेत भूगोलात मार्क कमी पडले की तेच कारण. मेहुण्यांचा ठरलेला विनोद असा: "हिला चारोटीला उभी करा आणि तलासरीला जा म्हणा. उलट दिशेला मनोरला पोचून फोन करेल." सगळे हसत. मी हसत नसे, पण थांबवतही नसे. ती मोठी झाली, मुंबईत शिकली, हाडे मोडलेल्या रुग्णांना व्यायाम शिकवण्याचा व्यवसाय करू लागली, पण गाडी कधी शिकली नाही. आपल्याच गावात रिक्षावाल्याला दोनदा विचारते, नक्की इकडूनच ना? चारचौघांत रस्त्याचा विषय निघाला की कोणी चिडवण्याआधी तीच म्हणते, "मला विचारू नका."

मागच्या महिन्यात तिने डहाणू रोडला, स्टेशनजवळ एका लॉजच्या तळमजल्यावर, रुग्णांसाठी स्वतःची खोली घेतली. रुग्ण उताणे झोपतात, वर पांढरे छत. तिने माळ्यावरून तो नकाशा शोधून काढला. कडा वाळवीने खाल्ल्या होत्या, शाई शाबूत होती. "छतावर रंगवून घेते," ती म्हणाली. "तुम्ही येऊन सांगा."

रंगवणारा तलासरीकडचा होता. दुकानांच्या पाट्या, शाळांच्या भिंती, असली कामे करणारा. बोलणे अर्धे मराठी, अर्धे गुजराती. त्याने छतावर दोरीने चौकटी पाडल्या, नकाशा टेबलावर पसरून पाहिला, मग दोन्ही हातांनी उचलून डोक्यावर धरला आणि त्याखाली उभा राहून मान वर केली. मला तीस वर्षांच्या नोकरीत जे सुचले नाही, ते त्याने दहा मिनिटांत केले.

"काका, हे तो उलटं पडते ने," तो म्हणाला. "टेबलावर पूर्व इकडे. वर काढली की तिकडे जाते. आता मी कागदाचं ऐकू की या खिडकीतल्या सूर्याचं?"

मी बाहेर गेलो. पायरीवर उभा राहिलो. रिक्षा स्टेशनकडे जात होत्या, एक हॉर्न दाबून उभी होती. आत आलो. पेंटर वाट पाहत होता. पुन्हा बाहेर गेलो. पुन्हा आलो.

"बाई, तुम्हीच सांगा ने," तो मुलीला म्हणाला.

"माझ्याकडे बघू नका," ती हसत म्हणाली. "मला दिशा कळत नाहीत. बाबांना विचारा."

ते तिने इतके सहज म्हटले, जणू आपल्या उंचीबद्दल सांगते आहे.

"खिडकीचं ऐका," मी म्हणालो.

"मग जुना नकाशा खोटा?"

"नकाशा बरोबर आहे. लावला उलटा."

"कोणी?"

"मी."

मग मी मुलीकडे वळलो. जे सांगायचे होते त्याची मांडणी मी पायरीवर केली होती, पण ती आठवली नाही. "खाणीकडे गेलीस तेव्हा तू पूर्वेलाच गेली होतीस," मी म्हणालो. "वर जशी दाखवली होती तशी. चुकलो मी, आणि चुकलेली ठरवलं तुला."

तिने हातातली टाचण्यांची डबी खाली ठेवली. "हे तुम्हाला कधी कळलं?"

"तुझी आई बोलली, त्या संध्याकाळी."

"म्हणजे खाणीच्या आधी."

"आधी."

"आणि तरी मला सांगितलंत, पूर्वेला चालत गेलीस की सुळका येतो."

"टेकडी म्हणायचं होतं."

"पण सांगितलं नाहीत."

सांगायचे तर नकाशा उलटा आहे हे मान्य करावे लागले असते, एवढेच त्याचे कारण होते. ते मी तिला सांगितले. पेंटर शिडीच्या पायांना गोणपाट बांधत बसला, समंजस माणूस.

"बाबा, मी चाळिशीला आले," ती म्हणाली. "रोज रिक्षात बसले की हात घामेजतात. मला वाटायचं माझ्या डोक्यातच काहीतरी कमी आहे."

मी नकाशाची गुंडाळू पाहणारी कड तळहाताने दाबून धरली.

शेवटी तीच नकाशावर वाकली. काय पाहते म्हणून मीही वाकलो, आणि सुळक्याच्या शाईखाली बोट ठेवून म्हणालो, "हा बघ ठिपका. पेन्सिलीचा. तो आधीपासून होता, एवढं तरी मान."

तिने डोळे बारीक केले. "माशी बसली असेल," ती म्हणाली.

"ठिपका आहे."

"बरं."

ते 'बरं' मान्य केल्याचे नव्हते. मी ताणले नाही.

पेंटर शिडीवर चढला. "आणि ते टोकाचं डोंगर? दिशा सीधी झाली तर त्याचं काय काम?"

प्रश्न रास्त होता. दिशा सरळ असलेल्या देशात त्या सुळक्याला कारण उरत नाही. मी तसे म्हणणारच होतो.

"रंगवायचा," मुलगी म्हणाली. "तो काही दिशा चुकल्या म्हणून आलेला नाही. तो तिथे राहतो."

"कुठे काढू?"

ती रुग्णांच्या टेबलावर उताणी झोपली, साडीचा पदर पोटावर घेतला आणि छताकडे पाहून हात वर केला. "पूर्वेला सरका. अजून. आता उत्तरेकडे, वीतभर."

पेंटरने ब्रश थांबवला आणि वरून माझ्याकडे पाहिले, खात्रीसाठी.

"त्या सांगतात तिकडे," मी म्हणालो आणि शिडी धरली, कारण फरशी नवी होती आणि गोणपाट सरकत होते.